जैसे थे

आदेश दोनच ओळींचा होता:
पुढील तारखेपर्यंत परिस्थिती
जैसे थे ठेवावी.
मी तो टाचणीनं फळ्यावर लावला,
'शांतता राखा'च्या शेजारी.

तांडापेठेतलं आमचं विणकर वाचनालय,
नोंदणी एकोणसाठ सालची.
कार्यकारिणी एक होती तोवर
तिला कोणी कार्यकारिणी म्हणत नव्हतं,
हेडाऊजी आणि सोनकुसरेजी म्हणायचे.
मग निवडणूक झाली. एकाच रविवारी, दोन.
एक खाली, पुस्तकांच्या कपाटांमध्ये,
एक गच्चीवर, पाण्याच्या टाकीजवळ.
दोन्ही बदल अर्ज धर्मादायच्या एकाच खिडकीत
एकाच बाबूनं ठप्पा मारून घेतले.

तेव्हापासून रजिस्टर सीलबंद, खातं गोठलेलं,
आणि मी, कुंदा बारापात्रे, ग्रंथपाल,
दोन्ही बाजूंच्या साक्षीदारांच्या यादीत,
पगाराच्या कुणाच्याच नाही.

एप्रिलात कूलरची ताटी कुजली.
वकिलांना फोन केला, बदलू का?
ते जरा थांबले.
म्हणाले, ताई, बदल हा शब्द सध्या टाळा.
पारा चव्वेचाळीस, पंचेचाळीस, सेहेचाळीस,
ताटी जैसे थे.
वाळवीवर मात्र नोटीस बजावली नव्हती कुणी.
तिनं संतवाङ्मय संपवून
विमा आणि बँकिंगला हात घातला.

अपिलात वर्ष गेलं.
सिव्हिल लाइन्सच्या त्या उंच इमारतीत
सोनकुसरेजी लिफ्टनं जायचे,
हेडाऊजी गुडघा धरून जिन्यानं.
लिफ्टमध्ये सोबत दिसलो
तर लोक तडजोड समजतील, म्हणायचे.

न्यायाधीश बाई होत्या.
फाइल चाळता चाळता मध्येच विचारलं,
वाचनालयात पेपर येतो? बिल कोण भरतं?
दोन्ही वकील मागे वळले.
मागे मी.
दोघंही भरतात, मॅडम.
एकमेकांना न सांगता,
ताबा आपला आहे हे दिसावं म्हणून.
रोज तोच पेपर दोनदा येतो.

कोणीतरी हसलं.
मी पुढचं बोलले नाही:
की पेपरवरून भांडणारे आमचे म्हातारे
आता दोन टेबलांवर
एकच बातमी एकाच वेळी वाचतात
आणि भांडायला काही उरलं नाही म्हणून
लवकर घरी जातात.

अपील अंशतः मंजूर.
खालच्या न्यायालयानं विवेक वापरला आहे,
तो मनमानी होता असं म्हणता येत नाही.
तथापि
वीज, पाणी, झाडलोट, ग्रंथपालाचं वेतन
एवढ्यापुरता आदेश सैल.
धनादेशावर सही दोघांची.
मूळ दावा सहा महिन्यांत निकाली काढावा.
खरी कार्यकारिणी कोणती,
हे आज आमच्यासमोर नाही,
असं बाईंनी दोनदा वाचलं.

सही माझ्याच टेबलावर झाली.
हेडाऊजींनी पेन हातात दिलं नाही,
टेबलावर ठेवलं.
सोनकुसरेजींनी तेच उचललं.
'काहून, तुमचा पेन नाही?'
'हाय ना. पन ह्याची शाई बरी चालते.'
अडीच वर्षांतलं
एवढंच संभाषण, वकिलांशिवाय.

चार दिवसांनी चेक परत.
छापील कारणांच्या यादीत एक खूण:
नमुना सहीशी जुळत नाही.
पहिली? मी विचारलं.
दोन्ही, काचेमागचा पोरगा म्हणाला,
आणि दया येऊन त्यानं जुनं कार्ड दाखवलं.

निळी शाई, बत्तीस वर्षांपूर्वीची.
हेडाऊजींच्या ह ला तेव्हा मोठी शेपटी होती,
ती सरळ सोनकुसरेंच्या चौकटीत गेलेली,
आणि त्यांनी तिच्यावरूनच
आपली रेघ ओढलेली.
हात कुणाचाच कापत नव्हता.

नवा नमुना द्यावा लागेल, पोरगा म्हणाला.
सोपं आहे. एक अर्ज,
आणि कार्यकारिणीचा ठराव.

मी पिशवीतून आदेशाची प्रत काढली,
घड्या उलगडल्या,
आणि काचेखालच्या फटीतून
आत सरकवली.